नातालबाईंची कच्ची जाई

वसईजवळ सातिवलीच्या आमच्या युनिटमध्ये लटकनांना काही तोटा नव्हता. वॉचमनच्या किल्ल्यांना लटकन, पाण्याच्या पिंपाच्या तोटीला लटकन, शेठच्या केबिनमधल्या कॅलेंडरच्या खिळ्याला लटकन. नापास झालेला माल फेकून द्यायला बायकांचा जीव होत नसे, मग जिथे कडी, खिळा, दोरी दिसेल तिथे तो अडकवून त्या मोकळ्या होत. मी तिथे सुपरवायझर होते आणि माझ्या छत्रीच्या मुठीलाही एका वेळी तीन-तीन फुलं लोंबत असत. एकच कडी मी तिथे पाच वर्षं रिकामी पाहिली. नातालबाईंच्या पिशवीच्या चेनची.

पिशवी पाठीवर घ्यायची, जांभळी, कॉलेजातल्या मुली घेतात तसली. पन्नाशी ओलांडलेल्या, साडी नेसलेल्या, घट्ट अंबाडा घातलेल्या बाईच्या पाठीवर ती विचित्रच दिसे. सांडोरहून दोन रिक्षा बदलून नातालबाई यायच्या, पिशवी टेबलाखाली ठेवायच्या आणि डबा काढण्यापुरतीच ती उघडायच्या. एकदा नव्यानं लागलेल्या एका मुलीनं लाडानं त्या चेनला काळा गुलाब अडकवला. नातालबाईंनी तो काढला, त्या मुलीच्या हातात ठेवला, तिची मूठ मिटवली आणि कामाला बसल्या. रागावल्या नाहीत. पण त्या दिवशी त्यांनी डबा काही उघडला नाही.

त्या कडीतलं लटकन कुठे आहे ते मला माहीत होतं. ते सांडोरला, चर्चमागच्या दफनभूमीत, त्यांच्या मुलीच्या उजव्या हातात होतं.

नाव नातालीन. नाताळाच्या आठवड्यात जन्म, म्हणून नातालीन. युनिटमध्ये सगळ्यांच्या नातालबाई. नवरा बस्त्याव, केळीची आणि जाईची वाडी, आणि एकुलती एक मुलगी सलोमी. घरी त्या आपली वाडवळी बोलत. आमच्याशी बोलताना ती पुसून सरळ मराठी बोलायचा प्रयत्न करत, आणि चिडल्या की तो प्रयत्न सोडून देत. मी मूळची साताऱ्याकडची, वसईत फ्लॅट घेऊन आलेली. पहिल्या महिन्यात त्यांचं निम्मं बोलणं माझ्या डोक्यावरून जायचं. चिडलेल्या असल्या तर सगळंच.

आमचं युनिट म्हणजे तीस बायका, दोन बफिंगची मशिनं आणि रेझिनचा वास. पारदर्शक रेझिन साच्यात ओतायचं, आत काहीतरी बुडवायचं, कडक झालं की घासून चकचकीत करायचं. आधी आम्ही त्यात शिंपले घालत होतो, चमकी घालत होतो, कुणाकुणाची आद्याक्षरं घालत होतो. मग एके दिवशी शेठ एक कागद घेऊन आले. परदेशातून ऑर्डर होती: गॉथिक रोमान्सच्या धर्तीवर हातानं केलेली फुलांची लटकनं. ‘गॉथिक’ म्हणजे काय, असं मी विचारलं. शेठ जरा वेळ विचार करून म्हणाले, “लव्ह स्टोरी है मॅडम, लेकिन थोडा कब्रस्तान टाइप.”

बायकांना हसू आवरेना. पण काम ते काम. कुणी लाल गुलाबाला सोनेरी चमकी लावली, कुणी बदामाच्या आकारात शेवंती बसवली, एकीनं झेंडूच्या मागे छोटी कवटी चिकटवली. फोटो गेले आणि सगळे नापास झाले. शेठचा चेहरा पडला.

तो शनिवार होता. अर्धा दिवस. सलोमी आईला न्यायला आली होती, जांभळी पिशवी पाठीवर घेऊन. एकोणीस वर्षांची, बीएला इंग्रजी घेतलेलं, बोलायला लागली की थांबायचं नाव नाही. तोवर नातालबाई बफिंगच्या मशिनवरच्या एक गप्प बाई, एवढीच माझी त्यांच्याशी ओळख. मुलीनं माझ्या खांद्यावरून तो कागद वाचला आणि कुणी न विचारताच म्हणाली, “आंटी, हे असं नसतं.”

तिला रद्दीवाल्याकडून जुन्या इंग्रजी कादंबऱ्या आणून वाचायचा नाद होता. पिशवीतून तिनं एक काढून दाखवली. मुखपृष्ठावर पांढऱ्या झग्यातली बाई धावते आहे, मागे डोंगराएवढं घर, त्याच्या एकाच खिडकीत उजेड. सलोमी म्हणाली, “हिला त्या घरातून पळायचंय आणि मागे वळून पण बघायचंय. तेवढंच आहे गॉथिक. बाकी सगळं डेकोरेशन.”

मी शेठकडे बघितलं. शेठनी माझ्याकडे बघितलं. तेवढ्यात नातालबाई पुढे झाल्या. सातवी शिकलेल्या त्या बाईला या कादंबऱ्या तोंडपाठ होत्या. संध्याकाळी ओट्यावर बसून त्या जाईच्या कळ्या निवडत आणि मुलगी वाचून, मराठीत करून सांगे. बस्त्यावसुद्धा केळीला पाणी लावायचं सोडून ऐकत बसत. नातालबाई बोटांवर मोजत म्हणाल्या, “घर मोठं पायजे. त्यात एक खोली बंद पायजे. नवरा चांगला का वाईट ते शेवटापर्यंत कळायला नको. आनि फूल एकच पायजे, मॅडम. गुच्छ नाय. एकटं फूल.”

सोमवारी त्या घरून जाई घेऊन आल्या. पावसाळ्याचे दिवस. फूल रेतीत पुरून वाळवायचं असतं, म्हणजे त्याचा आकार जात नाही. त्याला चांगले सहा-सात दिवस लागतात आणि पावसात त्याहून जास्त. शेठना एवढा धीर कुठला. दुसऱ्याच दिवशी “निकालो, निकालो” सुरू झालं. नातालबाई म्हणाल्या, “अजून कच्ची हाय.” मी म्हणाले, “नमुनाच तर आहे, चालेल.” हे मी म्हणाले होते. ते वाक्य माझं आहे, आणि पुढे जे काही लिहिते आहे ते त्या वाक्याला धरून आहे.

तीन लटकनं झाली. थेंबाच्या आकाराचं स्वच्छ रेझिन, आत पाच पाकळ्यांची एकच जाई, मागे काळ्या लेसचा एक धागा, बस्स. एकाचा फोटो बघताच ग्राहकानं ऑर्डर पक्की केली आणि ते तिकडे गेलं. एक माझ्या टेबलामागच्या नमुन्यांच्या बोर्डवर लागलं. तिसरं सलोमीनं सरळ उचललं आणि पिशवीच्या चेनला अडकवलं. “डिझायनरची फी,” असं म्हणाली.

गणपतीनंतर सलोमीला ताप आला आणि दहा दिवसांत ती गेली. कसला ताप, कुठे उशीर झाला, हे नातालबाईंनी कधी उगाळलं नाही, तेव्हा मीही उगाळत नाही. आम्ही पाच-सहा जणी सांडोरला गेलो. पेटीत तिला पांढऱ्या पोशाखात निजवलं होतं. डाव्या हाताला रोजरीची जपमाळ गुंडाळली होती. झाकण लावायच्या आधी नातालबाईंनी शेजारी ठेवलेली जांभळी पिशवी घेतली, चेनमधून ते जाईचं लटकन सोडवलं आणि मुलीच्या उजव्या मुठीत घातलं. बोटं वळेनात. त्यांनी ती एकेक करून वळवली.

महिन्यानं त्या कामावर आल्या, काळी साडी नेसून आणि ती पिशवी घेऊन. मी त्यांना फुलांच्या टेबलावर घेतलं. बोलायचं कसं, काय बोलायचं, मला सुचत नसे. मी कामाचं बोलत राहिले.

मग डिसेंबरच्या सुमाराला एका दुपारी मी जेवून आले तर त्या बोर्डसमोर उभ्या. बोर्डवरच्या जाईच्या कडा चहा सांडल्यासारख्या झाल्या होत्या. मधोमध एक बारीक बुडबुडा. मी रोज तिथेच बसत होते आणि मला ते दिसलं नव्हतं.

“मॅडम, ही त्याच दिवसाची ना?”

“हो.”

“म्हंजे तिच्याजवळची पन अशीच झाली.”

मी काहीतरी बोलायचं म्हणून बोलले, की जमिनीखाली गारवा असतो, तिथे फूल टिकत असेल. त्या माझ्याकडे वळून बघत राहिल्या. वाडीत जन्म गेलेल्या बाईला मी ओल्या मातीविषयी सांगत होते. “मी तिला नासकं फूल दिलं,” एवढंच म्हणाल्या आणि जागेवर जाऊन बसल्या.

त्या दिवसापासून नातालबाई बदलल्या असं म्हणता येणार नाही. त्या तशाच गप्प, तशाच वक्तशीर राहिल्या. पण फुलं वाळवायचं काम त्यांनी ज्या पद्धतीनं हातात घेतलं, ते बघून शेठसुद्धा वचकून राहू लागले. किनाऱ्यावरची रेती त्या स्वतः आणत. ती सात पाण्यांनी धुऊन तिचं मीठ काढायचं, उन्हात वाळवायची, जुन्या मलमलीतून चाळायची. बिस्किटांच्या पत्र्याच्या डब्यांत एकेक फूल देठावर उभं करून चमच्यानं बाजूनं रेती सोडायची, पाकळ्यांच्या आत, बाहेर, एकसारखी. डब्यावर खडूनं तारीख. पावसाळ्यात डब्यांजवळ बल्ब लावून ठेवायचा. आणि फूल बाहेर काढलं की त्याची परीक्षा.

ही परीक्षा मी दुसऱ्या कुणाला करताना पाहिली नाही. त्या फूल बोटात धरून हलकेच वरच्या ओठाला लावत, डोळे मिटत आणि थांबत. ओठाला किंचितही गार लागलं तर आत पाणी आहे. बोटाला कळत नाही, ओठाला कळतं. त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं, दिवसातून दहा वेळा ऐकू यायचं: “फूल वरून हसतंय, पानी आत लपून बसलंय.” मग ते फूल परत रेतीत. एका शुक्रवारी माल जायचा होता आणि त्यांनी दोनशे फुलं परत पुरली. शेठ ओरडले, टेबलावर हात आपटला. नातालबाईंनी एक जाई उचलली आणि शेठच्या तोंडासमोर धरली. “लावा ओठाला.” शेठनी लावली. काय कळलं असेल त्यांना, देव जाणे. पण गाडी सोमवारी गेली.

रेतीच्या कणांनी त्यांच्या वरच्या ओठावर कायमचं लाल पुरळ असे. मी मलम आणून दिलं. “नको, मलम लावलं का कळत नाय,” म्हणून त्यांनी ते परत केलं.

प्रत्येक लटकनाबरोबर एक छोटं कार्ड जायचं, दोन-तीन ओळींची गोष्ट. ग्राहकाला ते हवं होतं. गोष्ट नातालबाई सांगत, इंग्रजीत मी लिही. सोनचाफा म्हणजे पहिल्या बायकोचं फूल, ती गेली तरी तिच्या खोलीत वास येतो. अबोली म्हणजे न पाठवलेलं पत्र. गोकर्णाची निळी पाकळी म्हणजे जिन्यावरून ऐकू येणारी पावलं. वसईच्या किल्ल्यातली छप्पर नसलेली चर्चं, त्यांच्या भिंतींतून उगवलेले पिंपळ, लहानपणी तिथे शेळ्या चारताना कापडासारखा उडालेला वटवाघळांचा थवा, हे सगळं त्या कार्डांत यायचं. एकदा मी आपल्या मनानं एका कार्डाचा शेवट केला की गोष्टीतली मुलगी त्या घरातच मरते. ग्राहकाला दुःखच हवं आहे, असा माझा हिशेब. नातालबाईंनी विचारलं, काय लिहिलंत? मी सांगितलं.

“खोडा.”

“अहो, गोष्टच तर आहे.”

“माझ्या फुलात पोरगी मरनार नाय. घर जळूं दे, नवरा मरूं दे, कोन पन मरूं दे. सलोमी सांगायची, शेवटच्या पानावर ती बाहेर येते. दर पुस्तकात येते. खोडा ते.”

मी खोडलं. त्यानंतर हजारो कार्डं गेली असतील. एकातही कुणी मुलगी मेली नाही.

तिसऱ्या वर्षी ती ऑर्डर देणाऱ्या दुकानाची मालकीण स्वतः आली. पंचविशीची गोरी मुलगी. पायघोळ काळा झगा, काळी नखं, ओठसुद्धा काळे, गळ्यात आमचंच लटकन. सातिवलीच्या उन्हात ती घामानं निथळत होती. शेठनी कोल्ड्रिंक मागवलं, बायका तोंडाला पदर लावून हसू दाबत होत्या. मी तिला टेबलापाशी नेलं आणि सांगितलं की फुलं या बाई करतात. नातालबाई उठल्या. त्यांनी तिला पायापासून डोक्यापर्यंत पाहिलं. त्यांच्या घराण्यात कुणी गेलं की बायका वर्षभर काळं नेसतात. मला बाजूला घेऊन हळूच म्हणाल्या, “मॅडम, हिच्या घरी कोन गेलं?”

मी समजावणार, की ती फॅशन आहे, तिकडे असं घालतात. पण त्यांनी वाट पाहिली नाही. त्या मुलीचे दोन्ही हात त्यांनी हातात घेतले आणि वाडवळीत तिच्याशी बोलू लागल्या, सांत्वनाला गेल्यावर बोलतात तसं, खालच्या सुरात, सावकाश. मुलगी आधी हसली. मग माझ्याकडे बघू लागली. मी काय सांगणार? मी म्हणाले, तुमच्या घरच्यांची चौकशी करताहेत. तिनं हात सोडवून घेतले नाहीत. थोड्या वेळानं तिचे काळे ओठ थरथरायला लागले. तिच्या घरी खरंच कुणी गेलं होतं का, ते मला माहीत नाही. जाताना मात्र तिनं नातालबाईंच्या गालाला गाल लावला, आणि दिवसभर नातालबाईंच्या गालावर तो काळा डाग राहिला. मी सांगितलं तरी त्यांनी पुसला नाही.

पाच वर्षं उलटून गेली, त्या डिसेंबरात नातालबाईंनी एक दिवस मला जेवताना सांगितलं, “पाळी आली, मॅडम.” मला कळलं नाही. मग त्यांनी समजावून सांगितलं. त्यांच्याकडे कबर कायमची नसते. जमीन कमी, माणसं जास्त. पाच वर्षं झाली की ती उघडतात, हाडं गोळा करतात, मागच्या अंगाला एक जुनी बांधलेली विहीर आहे तिच्यात ती ठेवतात आणि जागा पुढच्या माणसाला देतात. त्यांची आई, त्यांची सासू, सगळे त्या विहिरीत. त्यात कुणाला वाईट वाटत नाही. आता सलोमीची पाळी होती.

“त्याचं काय नाय,” त्या म्हणाल्या. “आजीजवळच जानार ती. पन ते फूल दिसेल मला.”

भाजीत कालवलेला भात त्यांनी तसाच ठेवला. पाच वर्षं ही बाई एकेक फूल ओठाला लावून पारखत होती, हजारो मुलींच्या पिशव्यांना न नासणारी फुलं पाठवत होती, ती कशासाठी, हे मला माहीत होतंच. पण तिला स्वतःला ते एक फूल पुन्हा बघावं लागेल, हे माझ्या मनातच आलं नव्हतं.

मग मी एक गोष्ट केली. चांगुलपणानं केली असं मी स्वतःला सांगत होते. त्यांच्या डब्यातलं एक पक्कं वाळलेलं जाईचं फूल मी गुपचूप काढलं, त्याच जुन्या साच्यात, तसाच काळ्या लेसचा धागा घालून लटकन केलं, आणि ते नवं वाटू नये म्हणून बारीक पॉलिश पेपरनं थोडं घासलं. म्हटलं, कबर उघडणाऱ्या माणसाला गाठावं, हळूच त्याच्या हातात द्यावं. नातालबाईंना पांढरी जाई दिसली की झालं. तेवढंच ना हवं होतं त्यांना?

जानेवारीतली सकाळ होती. बस्त्याव होते, फादर होते, खणणारा एक माणूस होता आणि एका बाजूला मी, पर्स छातीशी धरून. फादरनी प्रार्थना म्हटली. त्या माणसाचा हात फार हलका होता. कुदळ त्यानं थोडाच वेळ वापरली, मग खुरपं, मग नुसते हात. पांढऱ्या कापडावर तो एकेक ठेवत गेला. बस्त्याव कुंपणापलीकडच्या केळीकडे तोंड करून उभे राहिले. नातालबाई बघत होत्या. त्या माणसाला गाठायला मला जागाच मिळाली नाही, आणि खरं सांगायचं तर हिंमतही झाली नाही.

मग तो म्हणाला, “बाय, हे काय आहे?” आणि मातीचा एक गोळा त्यानं वर दिला.

फुलांवर शिंपडायला आणलेली पाण्याची बादली होती. नातालबाईंनी तो गोळा तिच्यात धुतला, अंगठ्यानं चोळून चोळून. पदरानं पुसला. आणि सवयीनं, मला वाटतं निव्वळ सवयीनं, वरच्या ओठाला लावला. डोळे मिटले. मग तो उन्हात धरला.

आत फूल नव्हतं. फुलाएवढी पोकळी होती. पाच पाकळ्या, मधला नाजूक दांडा, सगळा आकार जसाच्या तसा, आणि आत चिमूटभर तपकिरी भुगा. लटकन हललं तसा तो भुगा एका पाकळीतून दुसऱ्या पाकळीत गेला. माझा हात पर्सच्या बटणावर होता. माझ्या आतून कुणीतरी ओरडत होतं की दे, आत्ता दे, सांग काहीतरी.

नातालबाई बराच वेळ बघत राहिल्या. मग त्या बस्त्यावांकडे गेल्या, त्यांचा दंड धरून त्यांना वळवलं आणि ते उन्हात धरून दाखवलं.

“गेलं,” त्या म्हणाल्या. “बघितलंत? तिच्याबरोबर गेलं. एकटी नाय गेली पोर.”

आणि मग त्या रडल्या. पाच वर्षांत मी त्यांना रडताना पाहिलं नव्हतं. मीही रडले, पण माझ्या रडण्यात लाजही होती. ज्या चुकीसाठी ही बाई पाच वर्षं जळत होती आणि मी मनातल्या मनात स्वतःला दोष देत होते, त्या चुकीनंच तिच्या पोरीला सोबत केली होती. पक्कं वाळलेलं फूल असतं तर ते तिथे तसंच हसत पडून राहिलं असतं, आणि पोर मातीत गेली असती. मी पर्समध्ये नेमकं तेच घेऊन उभी होते.

विहिरीत कापड सोडताना नातालबाईंनी त्यात जाईची ओंजळ टाकली. त्या पहाटेच तोडलेली, दवानं भिजलेली. लटकन मात्र त्यांनी मुठीत ठेवलं.

दुसऱ्या दिवशी त्या वेळेवर कामावर आल्या. आल्या त्या थेट बफिंगच्या मशिनवर गेल्या, जुन्या जागी, आणि ते मातीनं ओरखडलेलं रेझिन घासायला बसल्या. मी जवळ गेले. मशिन बंद न करता त्या म्हणाल्या, “मॅडम, माझ्या डब्यात एक जाई कमी हाय. पंधरा दिवस झाले.”

मी टेबलावरची रेझिनची भुकटी बोटानं गोळा करू लागले.

“पर्स एवढी आवळून कोन धरतं, मॅडम? ते ऑर्डरीत टाका. चांगलं फूल हाय, कोनाच्या तरी पोरीला होईल.”

मी ते ऑर्डरीत टाकलं. कार्ड त्यांनीच सांगितलं: घर मोठं होतं, एक खोली बंद होती, आणि शेवटच्या पानावर ती बाहेर आली.

पुढच्या दिवाळीआधी शेठनी युनिट गुजरातच्या बाजूला हलवलं. बायका पांगल्या, मी वसईतच दुसरी नोकरी धरली. पाण्याच्या पिंपाच्या तोटीचं लटकन मी आठवण म्हणून सोडवून आणलं.

नोव्हेंबरच्या दोन तारखेला मृतांचा सण असतो. त्या दिवशी मी संध्याकाळी उजेड असतानाच सांडोरला गेले. दफनभूमी फुलांनी आणि माणसांनी भरली होती. सलोमीच्या जागेवर दुसऱ्याच कुणाच्या नावाचा क्रूस होता आणि कुणी अनोळखी मंडळी तिथे मेणबत्त्या लावत होती. नातालबाई मागे विहिरीच्या कठड्याला टेकून बसल्या होत्या, पुढ्यात केळीच्या पानावर जाईचा ढीग. मला बघून त्यांनी शेजारची जांभळी पिशवी उचलून मांडीवर घेतली आणि माझ्यासाठी जागा केली. चेनच्या कडीत ते लटकन होतं, घासून काचेसारखं स्वच्छ केलेलं. उतरतं ऊन त्याच्यातून आरपार जात होतं, आणि आतला रिकाम्या जाईचा आकार लख्ख दिसत होता.

मी पानावरचं एक फूल उचललं. इतकी वर्षं त्यांना तसं करताना बघत आले होते, हात आपोआप वर गेला. वरच्या ओठाला गार लागलं.

“ओली आहेत हो,” मी म्हणाले.

“असूं दे,” नातालबाई म्हणाल्या, आणि ओंजळ भरून त्यांनी ती विहिरीत सोडली.